सोनाबाईची साळुंकी

लोधिवलीची मुलगी सासरी निघाली की तिच्या बोचक्यात एक गोधडी असायची, आणि ती गोधडी बहुतेक वेळा सोनाबाईच्या हातची असायची. चौक गावापासून खालापूरपर्यंतच्या गावांत गोधड्या शिवणाऱ्या बाया पुष्कळ होत्या. पण सोनाबाईच्या गोधडीला आतल्या बाजूने, डाव्या कोपऱ्यात, वीतभर लांबीची एक साळुंकी असे. माहेरच्या चार-पाच बायांच्या जुन्या लुगड्यांच्या पदरातून कापलेल्या चिंध्यांची ती साळुंकी. बाकी सगळी गोधडी घट्ट टाक्यांनी शिवलेली, आणि साळुंकी मात्र सात सैल टाक्यांवर टाचलेली. बोटाने हिसका दिला की सुटून हातात यायची.

ती तशी का, हे सोनाबाई फक्त नवरीला सांगायची. गोधडीचा शेवटचा टाका घालताना ती मुलीला जवळ बसवायची, दुसऱ्या कोणाला तिथे थांबू द्यायची नाही, आणि गोष्ट सांगायची. सोनाबाईला ती तिच्या सासूने सांगितली होती, आणि सासूला तिच्या आत्याने.

गोष्ट लहानच होती. एका मुलीला सात डोंगरांपलीकडे दिलं. सासरच्यांनी तिला कोंडून घातलं. निरोप न्यायला कोणी नाही. मग तिने माहेरच्या लुगड्यांच्या चिंध्यांची साळुंकी केली. साळुंकी उडत गेली आणि भावाच्या उंबऱ्यावर जाऊन बसली. भाऊ जेवत होता. साळुंकी काही बोलली नाही. तिच्या पंखात भावाला आपल्या आईचा पदर दिसला. त्याने हातातला घास ताटात ठेवला आणि तो उठला.

एवढंच. सोनाबाई पुढे म्हणायची, "आता तू ध्यानात ठेव. जीवावर आलं, तर ही उसव आनि कोनाच्याबी हाती धाड. कासार असूं दे, मीठवाला असूं दे. त्यानं फकस्त उंबऱ्यावर ठेवायची. त्यानं सांगायचं नाय, आमी इचारायचं नाय. दुसरा दिस उजाडायच्या आत तुजं मानूस तुज्या दारात उभं ऱ्हाईल."

ज्यांना लिहिता येत नव्हतं आणि ज्यांच्या बोलण्यावर पहारा होता, त्या बायांचं हे पत्र होतं. अडतीस सालच्या आषाढात मोतीबाईची साळुंकी खोपोलीकडून आली, तेव्हा तिचा भाऊ नागू चिखलणीला होता. बायकोने बांधावरून साळुंकी दाखवली. नागूने बैल जुंपलेले तसेच चिखलात सोडले आणि पायातला चिखल न धुता तो शिळफाट्याच्या वाटेला लागला. मोतीबाई तापाने फणफणलेली, गोठ्यात टाकलेली सापडली. नागू आणि त्याचा चुलतभाऊ तिला झोळी करून घेऊन आले. ती जगली. पुढे ती रस्त्यात भेटली की सोनाबाईच्या पाया पडायची, आणि सोनाबाई म्हणायची, "माज्या कशाला पडतीस गं? बैलांच्या पड. दिसभर उभे व्हते."

बेचाळीस सालच्या सुरुवातीला मुंबईवर बॉम्ब पडणार अशी आवई उठली. माणसं मिळेल त्या वाहनाने कर्जत, नेरळ, चौकाकडे येऊ लागली. लोधिवलीत आबाजींच्या घराची पडवी गिरगावातल्या एका बाईने भाड्याने घेतली. तिचं नाव इंदूबाई. वय तिशीचं. बरोबर एक ट्रंक आणि शिवणयंत्र. गिरगावात तिचा शिवणाचा वर्ग होता, आणि चांगल्या घरच्या बायका तिच्याकडून झंपर शिवून घेत.

गावाने तिला चार दिवस लांबून पाहिलं. पाचव्या दिवशी सोनाबाई सरळ पडवीत जाऊन बसली.

"ह्या यंत्राला दमायला व्हत नाय व्हय गं?"

"नाही हो, सोनाकाकू. मीच दमते."

"मग तूच आमच्यातली. यंत्र मुंबयचं."

पुढे दुपारची कामं उरकली की दोघी आबाजींच्या ओट्यावर एकत्र बसू लागल्या. सोनाबाईने तेव्हा आपल्या मुलीची, हिरूची, गोधडी शिवायला घेतली होती. लग्न पुढच्या वैशाखात होतं. इंदूबाई सोनाबाईच्या हाताकडे टक लावून बघायची. टाक्यांची एवढी सारखी रांग यंत्राला सुद्धा जमत नाही, असं म्हणायची. सोनाबाईला आपल्या कामाचं कौतुक कोणी केल्याचं आठवत नव्हतं. गोधडी लागते म्हणून शिवायची. तिच्यात कौतुक करण्यासारखं काही असतं, हे तिला चाळिशी उलटल्यावर त्या ओट्यावर कळलं.

त्या पावसाळ्यात एकदा इंदूबाई शिवता शिवता थांबली आणि रडू लागली. तिच्या नवऱ्याने मुंबईत दुसरं बिऱ्हाड थाटलं होतं. आई-वडील गेलेले, भाऊ नव्हता.

"तुज्या मागं कोनच नाय?" सोनाबाईने विचारलं.

"कोणी नाही."

 दुसऱ्या दिवशी सोनाबाई चार घरं फिरली, चार पदरांच्या चिंध्या घेऊन आली आणि इंदूबाईसमोर बसून तिने साळुंकी शिवली. गोष्ट सांगितली. नवरी नसलेल्या बाईला ती गोष्ट तिने आयुष्यात पहिल्यांदाच सांगितली.

"ही ठेव. कवा वाटलं तर धाड. माजा ल्योक सहदेव येल. तुला आता लोधिवली हाय." मग जरा थांबून म्हणाली, "पन ही कोनाला दावायची नाय, आनि सांगायचं नाय. दहा जनांना ठावं झालं, तर ही निस्ती चिंधी ऱ्हाईल."

इंदूबाईने साळुंकी छातीशी धरली. "शपथ, काकू," ती म्हणाली.

त्रेचाळीसच्या उन्हाळ्यात, हिरूचं लग्न झाल्यावर महिनाभराने, इंदूबाई मुंबईला परत गेली. हिरूला कर्जतच्या पुढे कडावच्या बाजूला दिली होती. जावयाचं नाव गजा. गोधडीच्या डाव्या कोपऱ्यात सोनाबाईने आपल्या सासूच्या हिरव्या लुगड्याचा पदर वापरला होता. तो शेवटचा तुकडा होता. त्यानंतर त्या लुगड्याचं काही उरलं नाही.

पंचेचाळीस सालच्या मे महिन्यात सहदेव माथेरानहून हसत हसत उतरला. चौकाच्या बाजूने डोंगराची वाट चढून तो वर भाजी न्यायचा.

"आये, तुजी साळुंकी बग कुठं जाऊन बसली! वर एका मडमेच्या पाठीवर. आनि एका बामनीनबाईच्या बाहीवर."

"कसली साळुंकी?"

"चिंध्यांची. झंपरावर शिवलेली. दुकानात टांगलेत धा-बारा. लोक म्हनत्यात फ्याशन हाय."

सोनाबाई दुसऱ्या दिवशी पहाटेच सहदेवबरोबर वर गेली. तिथल्या एका हॉटेलच्या पडवीत मांडलेल्या दुकानात झंपर, पिशव्या, मुलींचे झगे टांगलेले होते. प्रत्येकावर साळुंकी. युद्धामुळे कापडावर कंट्रोल होतं; नवं कापड मिळत नव्हतं, आणि उरल्यासुरल्या तुकड्यांतून असं काही सुंदर करता येतं याचं बायकांना फार अप्रूप वाटत होतं. प्रत्येक झंपराला दोऱ्याने एक छापील कागद बांधलेला होता. मधोमध खुर्चीवर इंदूबाई बसली होती. सोनाबाईला बघताच ती लगबगीने उठली.

"सोनाकाकू! या, या. बघा, तुमचीच साळुंकी!"

"माजी व्हती," सोनाबाई म्हणाली.

इंदूबाईच्या ते लक्षात आलं नाही. ती उत्साहाने सांगत राहिली. मुंबईतल्या मोठ्या बायका आपल्या मातीतलं काहीतरी हवं म्हणतात. सगळ्या जणी विलायती फुलं आणि वेली काढतात. लोककथेतून नमुना घ्यावा हे कोणाला सुचलंच नव्हतं. तिने कागद सोडवून वाचून दाखवला. कागदावरच्या गोष्टीत साळुंकी उडत जाऊन राजपुत्राच्या मुकुटावर बसत होती आणि सोन्याची होत होती.

"भाऊ कुठं गेला?"

"अहो, काकू, झंपरावर भाऊ कशाला? बायकांना राजपुत्र आवडतो."

"इंदूबाई, ती वळखीची खून हाय. तुला म्या सांगिटली व्हती ना? तू शपत घेतलीस."

इंदूबाईचा चेहरा क्षणभर उतरला. मग ती सोनाबाईचा हात हातात घेऊन समजावणीच्या सुरात म्हणाली, "तुमची साळुंकी मी पेटीत जपून ठेवली आहे. कोणालाही दाखवली नाही. ह्या वेगळ्या. आणि गोष्ट ती गोष्टच ना, काकू? सांगितल्याने कमी होते का?"

 कमी होते, एवढं सोनाबाईला माहीत होतं. कशी, ते त्या खुर्चीपुढे उभं राहून सांगता आलं नाही. ती आली तशी खाली उतरली.

त्या वर्षीच्या पावसाळ्यानंतर इंदूबाईचा माणूस चौकाच्या बाजाराला येऊ लागला. कापलेल्या तुकड्यांचे गठ्ठे आणायचा आणि तयार साळुंक्या घेऊन जायचा. लोधिवलीच्या बायांनी ते काम धरलं. गोष्ट आता छापलेलीच होती, लपवायचं कोणापासून? सोनाबाईची सून चंद्राबाई हाताची चपळ होती. सहदेवच्या ओट्यावर साळुंक्यांची टोपली राहू लागली.

"माज्या घरात हे नको," सोनाबाईने सांगून बघितलं.

"आये, समदा गाव करतोय. आमीच का मागं?" सहदेव म्हणाला.

"आनि कोनाची खरीखुरी साळुंकी आली म्हंजे?"

"तवाची तवा बघूं. आता काय पयल्यासारखं ऱ्हायलंय व्हय? मोटारी झाल्या, टपाल झालं."

"टपालाला तुजी भैन कागूद लिवनार हाय का रं?"

सहदेव हसला आणि बैलांना पेंढा टाकायला गेला. त्या दिवसापासून सोनाबाईने त्या टोपलीकडे बघायचं नाही असं ठरवलं. ओट्यावरून जाताना ती तोंड फिरवून जायची. चंद्राबाई शेजारणीला म्हणायची, "सासूबाय साळुंकीला बुजत्यात, जशी काय घारच." सोनाबाई ऐकायची आणि पुढे जायची. ठरवलेलं तिने वर्षभर कसोशीने पाळलं.

शेहेचाळीस सालच्या मार्गशीर्षात झोडणी चालू होती. एका दुपारी इंदूबाईचा माणूस नवा गठ्ठा घेऊन घरीच आला. बरोबर नापसंत केलेल्या साळुंक्यांची एक लहान पुरचुंडी होती. त्याने ती चंद्राबाईपुढे ओतली आणि बरोबरची चिठ्ठी वाचली. एकीची चोच वाकडी. दोघींचे रंग विटके. आणि एक मुळीच घेण्यासारखी नाही. कापड जुनं, वर पिवळा डाग.

"जुनं कापड?" चंद्राबाई म्हणाली. "मी तर तुमचंच वापरते." तिने ती साळुंकी उचलून उलटसुलट करून पाहिली. "ही व्हय! ही तर मला ओट्यावर पडलेली गावली व्हती, उंबऱ्याच्या कडंला. मला वाटलं टोपलीतनं पडली. म्हनून टाकली आत."

सोनाबाई खळ्यातून पाणी प्यायला आली होती. तिने मान फिरवलेलीच होती. पण 'उंबऱ्याच्या कडंला' हे शब्द कानावर पडले, आणि तिने वर्षभरात पहिल्यांदा तिकडे बघितलं.

हिरवा पदर. तिच्या सासूचा. सात सैल टाक्यांचे उसवलेले धागे अजून कडेला लोंबत होते. डाग हळदीचा होता.

"कवा गावली?" तिने विचारलं.

चंद्राबाईला आवाजावरूनच कळलं. तिचा चेहरा पांढरा पडला. "मागच्या... त्याच्या मागच्या बाजाराच्या आदी. कासार येऊन गेला त्या दिशी."

"कवा?"

"अठरा दिस झालं, सासूबाय."

साळुंकी आली होती. कासाराने रीतीप्रमाणे उंबऱ्यावर ठेवली होती, रीतीप्रमाणे काही बोलला नव्हता. ती टोपलीत गेली, गठ्ठ्यात बांधली गेली, गाडीतून मुंबईला गेली. तिथे इंदूबाईने ती हातात घेतली. बोटांनी कापड चाचपलं. सैल टाके पाहिले, हळद पाहिली. ज्या बाईला हीच गोष्ट समोर बसवून सांगितली होती, तिने ती नापसंतांत टाकली.

सहदेव खळ्यातून आला. आईच्या हातात साळुंकी बघून त्याने काही विचारलं नाही. पेंढ्याचा भारा तिथेच टाकून निघाला. सोनाबाई त्याच्या मागोमाग निघाली. दोघं कर्जतपर्यंत न थांबता चालले. तिथून पुढे सहदेव एवढंच म्हणाला, "मी हसलो व्हतो गं." सोनाबाईने चालणं कमी केलं नाही.

हिरू अंगणात एका हाताने केर काढत होती. दुसरा हात कोपरापासून वाकडा होऊन अंगाशी चिकटल्यासारखा झाला होता. गजाने मारलेल्या दांडक्याने हाड मोडलं होतं. वैदूला बोलावलं नव्हतं, नुसती हळद थापली होती. हाड जसं होतं तसं सांधलं. हिरूने आईकडे पाहिलं, भावाकडे पाहिलं, आणि राहिलेला केर सुपात भरला.

सासू दारात आली. "आत्ता बरी आटवन झाली म्हायेरच्यांना?"

सहदेव पुढे सरसावला. हिरूच मध्ये आली. "चल दादा. भांडाय आता उशीर झाला."

वाटेत एका चिंचेखाली ती थांबली. "हितं बसायची मी," ती म्हणाली. "पयल्या दिशी दिस मावळंस्तवर. त्याच्यासाटी अजून मारलं. दुसऱ्या दिशीबी बसली. तू म्हनली व्हतीस ना आये, दुसरा दिस उजाडायच्या आत." सोनाबाईने तिचा चांगला हात धरला. तिने तो सोडवून घेतला नाही, पण धरलाही नाही. "चवथ्या दिशी वाटलं, कासारानं टाकली आसंल. आठव्या दिशी तो पुन्यांदा आला. मी इचारलं. तो म्हनला, बाय, तुज्या म्हायेरच्या उंबऱ्यावर ठेवली, देवाशपत. मंग मी बसायचं सोडलं."

घरी आल्यावर चंद्राबाईने टोपली परसात नेऊन पेटवली. हिरू म्हणाली, "कशाला जाळतीस वैनी? चांगलं कापड हाय." तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. त्यामुळेच चंद्राबाई जास्त रडली.

सोनाबाईने शाळेतल्या मास्तरांकडून इंदूबाईला पत्र लिहून घेतलं. त्यात झालं ते सांगितलं, आणि शेवटी मागणं लिहिलं: मी तुला दिलेली साळुंकी मला परत पाठव. पंधरा दिवसांनी कार्ड आलं. मास्तरांनी ओट्यावर बसून वाचलं. ऐकून फार वाईट वाटलं, असं इंदूबाईने लिहिलं होतं. असं काही होईल हे मनातही आलं नव्हतं. हिरूसाठी काही करता आलं तर कळवावं. पुढे एक ओळ होती: ती जुन्या कापडाची साळुंकी टाकून दिली नसेल तर पाठवावी, अलीकडे जुन्या वळणाच्या वस्तूंना मागणी आहे, नमुना म्हणून ठेवता येईल.

मास्तर ती ओळ वाचून अडखळले. "पुन्यांदा वाचा," सोनाबाई म्हणाली. त्यांनी पुन्हा वाचली.

सोनाबाई उठली. ज्या चार बायांच्या पदरातून इंदूबाईची साळुंकी झाली होती, त्यांच्या घरी गेली आणि प्रत्येकीला सांगितलं, "त्या बाईचं म्हायेर मोडलं. तिची साळुंकी आली तरी कोनी उटायचं नाय." इंदूबाईकडून ती साळुंकी काही परत आली नाही.

त्यानंतर दोन महिने ती गावोगाव हिंडली. लोधिवलीच्या जेवढ्या मुलींना तिने गोधड्या दिल्या होत्या, त्या प्रत्येकीकडे गेली, डाव्या कोपऱ्यातली साळुंकी उसवली आणि म्हणाली, "हिच्यावर इसंबू नको. ही आता कोन वळखनार नाय." मोतीबाईने आपली द्यायला नकार दिला. "माजी आली व्हती गं," ती म्हणाली. तेवढी एक सोनाबाईने राहू दिली.

हिरूला लोधिवलीतच ठेवून घेतली. वाकड्या हाताने तिला सुई धरता येत नव्हती. एकोणपन्नास सालच्या वैशाखात, पंचांपुढे काडीमोड झाल्यावर, खालापूरच्या बाजूच्या एका विधुराशी तिचा पाट लावला. माणूस गरीब आणि शांत होता. सोनाबाईने गोधडी शिवली. शेवटचा टाका घालायची वेळ आली, तेव्हा तिने सवयीने हिरूला जवळ बसवलं, आणि मग सांगायला काहीच नाही हे तिच्या लक्षात आलं.

"दुसरी काय तरी खून ठरवूं," ती म्हणाली. "तुज्यात न् माज्यात. कोनाला कळायची नाय."

"नको."

"आगं पन—"

"खून नको, आये. तुला यायचं आसंल तर तूच येत जा. बोलावल्याबिगर."

सोनाबाईने डावा कोपरा कोरा ठेवला. दर अमावास्येच्या दुसऱ्या दिवशी ती हिरूकडे जाऊ लागली. पाताळगंगा ओलांडून जायचं, तासभर बसायचं, आणि परत यायचं. जावई म्हणायचा, "सासूबाय, ऱ्हावा की आजच्या दिस." ती राहायची नाही. मुलगी उभी आहे, अंगावर नवा मार नाही, एवढं बघून निघायची.

त्या वर्षीच्या श्रावणात पाताळगंगेला पूर आला. सोनाबाई दोन दिवस काठावर येऊन परत गेली. तिसऱ्या दिवशी पाणी गुडघ्यापर्यंत उतरलं, तेव्हा काठी टेकत पलीकडे गेली. लुगडं गुडघ्यांच्या वर भिजलेलं. दारात पोहोचली तेव्हा हिरू चुलीपुढे भाकरी थापत होती, एकाच हाताने, परातीला पाय लावून.

"नदीला पानी व्हतं गं," सोनाबाई धापा टाकत म्हणाली. "दोन दिस आली आनि परत गेली. तू वाट बघितली आसशील."

हिरूने तव्यावरची भाकरी उलटली.

"नाय," ती म्हणाली. "तू येशील आसं मी धरलंच नव्हतं. बस. लुगडं बदल, भिजलीस." आणि तिने आईला आपलं कोरडं लुगडं काढून दिलं.